खळीचा केक

अक्का, परवा विहारात तुझ्या जलदान विधीला लोक तुझ्याबद्दल इतकं खोटं बोलले, की उठून माईक हिसकावून घ्यावा असं मला वाटलं. "शांत स्वभावाच्या होत्या." कोण? तू? "कधी कुणाला उलटून बोलल्या नाहीत." अगं बाई! मागे बसलेल्या बायका पदर तोंडाला लावून हसत होत्या आणि हसता हसता रडत होत्या. मेलेलं माणूस सगळ्यांना सोयीचं असतं. बोलत नाही, भांडत नाही, बसवाल तसं फोटोत बसतं. म्हणून मी हे लिहायला घेतलंय. आपण दोघी जावा, एका ओट्यावर इतकी वर्षं काढली, आणि भांडलो नाही असा एक आठवडा मला आठवत नाही. तू भांडखोर होतीस. तुला कुणी मऊ करायला लागलं तर मी ऐकून घेणार नाही.

सभा संपता संपता मंडळाचे अध्यक्ष उभे राहिले. आपले पगारे भाऊ, तुझे जुने वैरी. म्हणाले, "वहिनी गेल्या, त्यांच्याबरोबर त्यांचा केकपण गेला. जयंती तोंडावर आलीय. या वर्षी बेकरीत ऑर्डर देऊ. आता काय, केकवर फोटोसुद्धा छापून देतात." माणूस वाईट नाही, तुला माहीत आहे. डोळे पुसतच बोलत होते. पण माझं डोकं फिरलं. मी उभी राहिले आणि मोठ्याने म्हणाले, "केक घरीच होणार. मी करणार."

सगळा विहार माझ्याकडे बघायला लागला. पुरुषांच्या बाजूला बसलेले आमचे हे हातानेच मला 'खाली बस, खाली बस' करत होते. कारण त्यांनाही ठाऊक, मलाही ठाऊक, आणि तुला तर सगळ्यात जास्त ठाऊक. त्या केकवरचं आयसिंग मी आयुष्यात एकदाही एकटीने केलेलं नाही. तू करूच दिलं नाहीस.

पण बेकरीचं नाव निघाल्यावर गप्प कशी बसणार होते मी? तो काउंटर अजून डोळ्यांसमोर आहे. नव्वदीची सुरुवात होती. मी लग्न होऊन आडगाव नाक्यापुढच्या आपल्या कॉलनीत आले, त्याच्या पुढल्या वर्षीची गोष्ट. चौदा एप्रिलला विहारापुढे केक कापायची पद्धत तेव्हा नवीच निघाली होती. आपण दोघी रिक्षाने शहरातल्या एका बेकरीत गेलो. केक तयार होता. वर काय लिहायचं ते तू सांगितलंस, तशी त्याने क्रीमचा कोन खाली ठेवला. "हॅपी बर्थडे लिहितो. बाकीचं आम्ही लिहीत नाही."

"का?" तू विचारलंस.

"नाही लिहीत म्हटलं ना."

तू खोका तसाच त्याच्या अंगावर सरकवलास. "मग तूच खा. आणि वर तुझंच नाव लिही."

बाहेर रस्त्यावर मला रडू फुटलं, तर तू मलाच झापलंस. "रडती काय? त्याच्या हाताला काय हिरे लागलेत? आपल्या जयंतीचा केक आपल्या घरात होईल." चिडलीस की तुझं निफाडकडचं बोलणं बाहेर पडायचं. आणि मजा म्हणजे, तुला तेव्हा साधा रव्याचा केकसुद्धा येत नव्हता.

मग तू गंगापूर रोडला एका बाईंच्या क्लासला जाऊन केक शिकलीस. हप्त्यात जमला. गोल अॅल्युमिनियमचा ओव्हन आणलास, केक फुगायला लागला, सगळं छान. घोडं अडलं ते आयसिंगवर. आयसिंगला आयसिंग शुगर लागतेच, असं क्लासच्या बाईंनी सांगितलं होतं. म्हणजे पिठासारखी बारीक दळलेली साखर. ती तेव्हा रविवार कारंजावर एका दुकानात मिळायची, तीही नाताळाच्या सुमाराला. आपण एप्रिलमध्ये मागायला गेलो. दुकानदार म्हणाला, "संपली. आता डिसेंबरात या."

"जयंती काय डिसेंबरात करू?" तू म्हणालीस.

"अडलं माझं खेटर" म्हणत घरची साखर मिक्सरला लावलीस. मिक्सर तापून वास मारायला लागला. पांढरी धूळ ओट्यावर, तुझ्या केसांत, सासूबाईंच्या चष्म्यावर. चाळली, पुन्हा दळली, पुन्हा चाळली, तरी दाताखाली कचकच राहिलीच. त्यात आपण आणलेलं पाकिटातलं पिवळं बटर. त्यात निळा रंग घातला, आणि आपल्या डोळ्यांदेखत तो झाला हिरवा. पिवळ्यात निळा मिसळला की हिरवा होतो, हे शाळेतल्या पोराला कळतं. आपण दोघी मॅट्रिक! आणखी निळा घाल, आणखी घाल, करत करत मेथीच्या गोळ्यासारखं झालं ते.

निळ्या पताका, निळा झेंडा, निळी रांगोळी आणि मधोमध हिरवागार केक. पगारे भाऊंनी पहिला घास तोंडात टाकला. कचकन आवाज झाला. "वहिनी," ते म्हणाले, "पालक धुवून नव्हता घेतला वाटतं. माती राहिलीय." सगळी कॉलनी खो खो हसली. मला धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं. तू मात्र विटेएवढा तुकडा उचललास, सगळ्यांसमोर उभी राहून चावून चावून संपवलास आणि म्हणालीस, "हसून घ्या. पुढल्या वर्षी पहिला घास तुम्हालाच देणार हाय, पगारे भाऊ. पळून जाऊ नका म्हंजी झालं."

पुढल्या वर्षी जयंतीच्या आधी आपण विहाराच्या ओसरीवर पताका चिकटवत बसलो होतो. त्यासाठी मैद्याची खळ तूच शिजवायचीस. पाण्यात मैदा कालवायचा, मंद आचेवर ढवळत राहायचं, घट्ट आणि गुळगुळीत झाली की उतरवायची. त्या दिवशी तू बोटावर खळ घेतलीस, अंगठ्याने चोळलीस आणि बघतच राहिलीस. हातातली पताका तशीच.

"धाकटे, हिच्यात कण हाय का?"

"कशात?"

"खळीत गं."

"नाही."

"मग साखर हिच्यातच शिजवली, तर साखरेचा कण कुठं जाईल?"

मी म्हणाले, "अक्का, ऊन लागलंय तुला. घरी चल."

घरी गेलीसच तू. पण झोपायला नाही. पाण्याऐवजी दूध घेतलंस, त्यात साखर विरघळवलीस, मैदा कालवलास आणि तीच खळ शिजवलीस. पातेलं परातीतल्या गार पाण्यात ठेवलंस. लोणीही या वेळी पाकिटातलं नाही. शेजारच्या तबेल्यातल्या म्हशीच्या दुधाची साय साठवून घरी काढलेलं, ताकाचा थेंब राहू नये म्हणून धुवून धुवून घेतलेलं. म्हशीचं लोणी पांढरं, आणि पांढऱ्यात निळा घातला की तो निळाच राहतो. मला बाहेर पाठवून गार झालेल्या खळीत ते लोणी फेटलंस. दळलेल्या साखरेचा चमचाही न घालता असं आयसिंग झालं की जिभेवर ठेवलं की विरघळावं. दुधाच्या पिशवीचा कोपरा कापून तू कोन केलास आणि निळ्यावर पांढरं धम्मचक्र काढलंस. चक्राचे आरे थोडे वाकडे आले. मी बोलून दाखवलं आणि मार खाल्ला, आणि पुढल्या वर्षापासून चक्र काढायचं काम माझ्या गळ्यात पडलं.

पगारे भाऊंना पहिला घास. ते दात रोखून तयारच होते, पण दाताखाली काही येईना. दोनदा जीभ फिरवली त्यांनी तोंडात. "वहिनी, साखर कुठली आणली?"

"रेशनची."

मग कुठल्यातरी पोरीने फोडलं, की हे आयसिंग म्हणजे पताकांचीच खळ आहे, नुसती दुधातली. झालं! 'खळीचा केक, खळीचा केक' म्हणून चिडवायला लागले. दुसरी असती तर हिरमुसली असती. तू कमरेवर हात ठेवून म्हणालीस, "हा, खळीचाच. पताकाबी खळीनंच चिकटल्यात. लय आवडला नसंल तर ताटलीत ठेवा परत." ताटलीत कुणी ठेवला नाही. तेव्हापासून दर जयंतीला खळीचा केक, आणि दर जयंतीला पहिला घास पगारे भाऊंना, नाकावर टिच्चून.

आता माझं भांडण ऐक. ते संपलेलं नाही, आणि तू मध्येच उठून गेलीस म्हणून ते संपलं असं मी मानत नाही.

खळ ढवळायचं काम माझं. गुठळी होऊ न देण्याचं काम माझं. लोणी धुण्याचं काम माझं, पाण्याने बोटं वाकडी व्हायची. पण खळीत लोणी घालायची वेळ आली, की तू म्हणायचीस, "जा गं, बाहेर बसून वेलची कूट." आणि स्वयंपाकघराचं दार लावून घ्यायचीस. आतून कडी! मी खलबत्ता घेऊन बाहेरच्या खोलीत. दारातून आवाज यायचा फेटण्याचा. आधी चपक चपक, चपक चपक, पाणी पाणी असल्यासारखा, कितीतरी वेळ. मग तो जड व्हायचा. धप. धप. मग कडी निघायची आणि तू म्हणायचीस, "ये गं आत. झालं."

दर वर्षी मी विचारायचे, "मी काय शेजारीण आहे? आत काय मंत्र म्हणतेस?" तू म्हणायचीस, "थोरल्यांना विचारू नये." एका वर्षी मी इतकी चिडले की चक्राला हात लावायला नकार दिला. तूही हट्टी. तसाच नुसता निळा केक नेलास विहारात आणि लोकांना सांगितलंस, "आकाश हाय." मला आजही त्याचा राग येतो आणि हसू पण येतं.

पुढे दिवस बदलले. कॉलेज रोडला दुकानं झाली, आयसिंग शुगर बाराही महिने मिळायला लागली. मी मुद्दाम एक पाकीट आणून तुझ्यापुढे आपटलं. "घे. आता तरी सोड ती खळ. खांदे बघ जरा स्वतःचे." तू पाकीट फोडलंस, चिमूट जिभेवर ठेवलीस. संध्याकाळी भाऊजी ओझरहून कारखान्याच्या बसने आले. सगळ्यांना चहा दिलास. भाऊजींनी कपात वाकून बघितलं. "आज चहा केलाय का सूप?" त्या साखरेत मक्याचं पीठ असतं, चहाला दाटपणा आला होता. तू शांतपणे म्हणालीस, "धाकटीनं भारी साखर आणलीय. प्या."

त्यावर आपलं जे जुंपलं! तू म्हणालीस, "मिळत नव्हती तवा आपण वाट काढली. आता मिळती म्हणून काढलेली वाट बुजवायची?" मी म्हणाले, "वाट काढली कारण गरज होती, आता हात दुखवून कुणाला दाखवायचंय?" मला अजूनही वाटतं माझं अर्धं बरोबर होतं. निदान ते विजेचं बीटर तरी घ्यायला काय झालं होतं तुला? पण परवा पगारे भाऊ म्हणाले, "आता कुठलाही बेकरीवाला पाहिजे ते लिहून देतो, वहिनी", आणि माझ्या तोंडून जसंच्या तसं तुझंच वाक्य बाहेर पडलं. आता देतो लिहून, म्हणून आपण काढलेली वाट बुजवायची का? ऐकून मीच दचकले. मेली, जाता जाता माझ्या तोंडात बसून गेलीस.

एक गोष्ट मी तुला कधीच बोलले नाही. मला बालवाडीत शिकवायला जायचं होतं आणि सासूबाई म्हणाल्या, पोर कोण सांभाळणार? तू पाळण्यातून माझ्या सुजाताला उचललंस, कडेवर घेतलंस आणि म्हणालीस, "ही माझी. तू जा." एवढंच. त्यावर चर्चा नाही, उपकाराची भाषा नाही. त्या दिवसापासून मी माझ्या पायांवर उभी आहे. आभार मानले असते तर तू म्हणाली असतीस, "डोंबलाचे आभार, लोणी धू आधी." म्हणून राहिलं ते. पण ऐकून घे आता, तोंड वर करून बोलायला तू नाहीस तोवर. माझ्या आईने मला जन्म दिला, पण मला घराबाहेर तू काढलंस, आणि त्याबद्दल मी तुझी ऋणी आहे.

या हिवाळ्यात तू दवाखान्यात होतीस. मी तुझ्या उशाशी बसले होते. म्हटलं, "अक्का, आता तरी सांग. लोणी घालताना मला बाहेर का घालवायचीस?" तू डोळे मिटून पडली होतीस. मला वाटलं, झोप लागली. मग ओठ हलले. "वेलची तूच चांगली कुटती." एवढं बोलून पुन्हा मिटले डोळे. मला इतका संताप आला की मी खिडकीशी जाऊन उभी राहिले, दुपारभर तुझ्याशी बोलले नाही. तुझ्याकडे आता फार दुपारी उरलेल्या नाहीत हे कळत होतं, तरी. तूही हाक मारली नाहीस. दोघी सारख्याच.

काल मी केला.

म्हटलं, जयंतीच्या आधी एकदा करून बघू. खळ उत्तम झाली, गुठळीचं नाव नाही. परातीत पाणी घेऊन गार केली. लोणी मऊ, शुभ्र, तू असतीस तरी नाव ठेवलं नसतंस. थोडं थोडं करत खळीत घातलं, फेटायला घेतलं, आणि सगळं फुटलं. नासलेल्या दुधासारखं. पांढरे गोळे एकीकडे, पाणी एकीकडे. सुजाता ओट्याशी उभी होती. आता बारावीला आहे तुझी पोर. ती बघून हळूच म्हणाली, "आई, जाऊ दे ना. ऑर्डर देऊ आपण."

अक्का, सगळ्या विहारासमोर मी छातीठोक बोलले होते, आणि माझ्यापुढे हे फुटलेलं पातेलं. तुझा केक तुझ्याबरोबर गेला, हे पगारे भाऊंचं बोलणं मी माझ्या हातांनी खरं करत होते. मी तुला शिव्या घातल्या. खऱ्या शिव्या, तुझ्याच. शिव्या घालता घालता हात मात्र चालूच होता, रागाने फेटत होते मी. आणि पातेल्यातून आवाज येत होता. चपक चपक. चपक चपक. पाणी पाणी असल्यासारखा.

तो आवाज मी ओळखला.

दर वर्षी दाराबाहेर बसून मी हाच तर आवाज ऐकलाय! म्हणजे तुझंसुद्धा फुटायचं. एखाद्या वर्षी नाही, दर वर्षी. लोणी घातलं की आधी ते फुटतंच. तुझा मंत्र नव्हता, हातचलाखी नव्हती. बेकरीवाल्याला तोंडावर सुनावणारी, सगळ्या कॉलनीसमोर हिरवा केक चावून खाणारी तू, दर वर्षी त्या बंद दाराआड फुटलेल्या पातेल्यासमोर एकटी उभी असायचीस. आणि घाबरलेली असायचीस. 'हसून घ्या' म्हणालीस तू तेव्हा, पण ते हसणं तुला फार लागलं होतं. ते पुन्हा कुणी बघू नये म्हणून कडी होती. मीसुद्धा बघू नये म्हणून.

मला खूप रडू आलं, आणि त्याहून जास्त राग आला. चुकलीस तू, अक्का. साफ चुकलीस. मी हसले असते का? मी तुझ्याजवळ उभी राहिले असते. तुझा खांदा भरून आला असता तर पळी माझ्या हातात घेतली असती. जीव जाईस्तोवर हे एवढं सांगायला काय धाड भरली होती तुला?

सुजाता बाहेर जायला निघाली. तिला वाटलं, मला एकटीला रडायचंय. मी म्हटलं, "कुठे चाललीस? इथे थांब. हे बघ, फुटलंय. नीट बघून ठेव. तुझ्या मोठ्याईचं पण दर वर्षी असंच फुटायचं. आणि दार उघडं ठेव." या बाबतीत मी तुझं ऐकणार नाही. बाकी सगळं तुझं, खळ तुझी, म्हशीचं लोणी तुझं, विजेचं बीटर नको हा हट्टसुद्धा तुझाच पाळला. जयंतीला पहिला घास पगारे भाऊंनाच. पण कडी नाही. माझ्या घरात यापुढे कडी लावून कुणी फेटणार नाही.

हात दुखला. सुजाताने थोडा वेळ पळी घेतली, मग मी घेतली. चपक चपक, चपक चपक. संपतच नव्हतं. एकदा वाटलं, झालं, गेलं हे. मग कुठेतरी आवाज जड झाला. धप. सुजाताने माझ्याकडे बघितलं. धप. धप. पाणी कुठे गेलं, गोळे कुठे गेले, कळलंच नाही. पातेल्यात पांढरं शुभ्र, मऊ, एक कण नसलेलं आयसिंग. पळी उभी केली तर उभी राहिली. सुजाता बोट बुडवून चाटत म्हणाली, "आई, तेच आहे. अगदी तेच."

स्वयंपाकघराचं दार उघडंच होतं. बाहेरच्या खोलीत कुणी नव्हतं, कोपऱ्यात खलबत्ता होता. तरी मी दाराशी गेले आणि हाक मारली. "ये गं अक्का, आत. झालं."